रात्रीच्या उदास गाण्याला व्हिएतनामी सबटायटल कसं द्यावं

परभाषेतल्या गाण्याचं ‘व्हिएतसब’ करायला बसले की मी आधी एवढंच ठरवते: गाणारी व्यक्ती कोण आणि समोरच्याशी तिचं नातं काय. व्हिएतनामीत ‘मी’ आणि ‘तू’ नात्यावरून ठरतात. प्रेमातली मुलगी स्वतःला ‘एम’ म्हणते, म्हणजे धाकटं भावंड, आणि त्याला ‘आन्ह’, म्हणजे थोरला भाऊ. त्याऐवजी ‘तोय’ लिहिलंत की दोघांत लगेच अंतर पडतं. इंग्रजी गाण्यात हे काहीच कळत नाही, सबटायटलमध्ये मात्र पहिल्याच ओळीत कळतं. म्हणून ताटातुटीच्या गाण्यात मी एम-आन्ह शेवटच्या कडव्यापर्यंत सोडत नाही. नातं संपलंय पण हाक तीच आहे, आणि वाचणाऱ्याचा घसा तिथेच दाटतो. कडवटपणा आलाच, तर ज्या ओळीत मन खरंच फिरतं तिथेच हाक बदला. त्याआधी नको.

मग ओळीचा शेवट. सबटायटल कुणी गात नाही, पण वाचताना ते मनात ऐकू येतंच. व्हिएतनामीच्या 6 सुरांपैकी सपाट आणि उतरता हे 2 ‘बांग’ गटातले. आलटून-पालटून सहा आणि आठ अक्षरांच्या ओळी असलेल्या ‘लुक बात’ छंदात यमक याच सुरांवर जुळतं. ओळ अशा शब्दावर संपली की रेंगाळते. अर्थ तोच राहत असेल तर मी शब्दांची जागा बदलून बघतेच.

ओळ तोडताना जपा. व्हिएतनामीत प्रत्येक अक्षर सुटं लिहितात, त्यामुळे जोडशब्द कुठेही तुटू शकतो. ‘को डन’ म्हणजे एकाकी. त्यातलं ‘को’ वरच्या ओळीत एकटं राहिलं तर वाचणाऱ्याला आधी ‘बाई’ किंवा ‘आत्या’ दिसते.

वेळ एजिसब या सबटायटलच्या सॉफ्टवेअरमध्ये लावा. ओळ गायिकेच्या श्वासाबरोबर उमटू दे, साधारण 300 मिलिसेकंदांत. नुसतं पियानो वाजत असताना पडदा रिकामा ठेवा. तिथे ‘संगीत’ असं लिहून भरायची घाई मला अजिबात पटत नाही.

फाँट नोटो सान्ससारखा घ्या. एकाच स्वरावर दोन-दोन खुणा येतात, त्या कापल्या जाऊ नयेत म्हणून ओळींत अंतर ठेवा. फाइल यूटीएफ-8 या एन्कोडिंगमध्ये साठवा, म्हणजे खुणांची अक्षरं बिघडत नाहीत.