कागदपत्रांवरून अपात्र ठरवलं? कोर्टात जाण्याआधी या चुका टाळा

सरकारी भरतीच्या लेखी परीक्षेत नंबर लागला आणि पडताळणीच्या टेबलावर 'अपात्र' असा शेरा पडला, की उमेदवार कोसळतो. घरचे लगेच वकील शोधायला लागतात. पण त्याआधी हातातला कागद नीट वाचा. तुमच्याकडे पात्रताच नव्हती, की पात्रता असून तिचा पुरावा वेळेत पोचला नाही? सगळी केस या एका प्रश्नावर उभी राहते.

या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्ये चार्ल्स स्कारिया प्रकरणात सांगितलं. २०१६ च्या राम कुमार गिजरोया निकालात उशिरा दिलेला ओबीसी दाखलाही मान्य झाला. पण तेवढ्यावर विसंबू नका. २०२३ मध्ये यूपीएससीच्या काही उमेदवारांकडे आर्थिक दुर्बल घटकाचा योग्य दाखला मुदतीत नव्हता. नियम स्पष्ट होता, त्यामुळे ते हरले. २०२५ मध्ये उत्तर प्रदेश पोलीस भरतीत राज्याच्या नमुन्याऐवजी केंद्राच्या नमुन्यातला ओबीसी दाखला देणंही महागात पडलं. म्हणून जाहिरातीतली तारीख आणि नमुना, दोन्ही शब्दन् शब्द तपासा. गोव्यात पंधरा वर्षांच्या रहिवासी दाखल्यासाठी मामलेदार कचेरीत शेवटच्या आठवड्यात धावणं तर नकोच.

गोव्यात नावाचा घोळ फार. जन्मदाखल्यावर जुन्या पोर्तुगीज वळणाचं स्पेलिंग, दहावीच्या गुणपत्रिकेवर दुसरं, आधारवर तिसरं. नाईक, कामत, गावकर या आडनावांच्या घरांत हे नेहमीचं. नाव खरोखरच बदललं असेल, तर १९९० च्या गोवा नाव व आडनाव बदल कायद्याखालची नोंद लागते. नुसतं प्रतिज्ञापत्र पुरेल असं धरून चालू नका. किरकोळ चूक मात्र जीवघेणी ठरू नये: बिहारच्या एका पोलीस उमेदवाराच्या अर्जात जन्मतारीख चुकली होती, तिचा त्याला काही फायदाही नव्हता, आणि २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याच्या बाजूने निकाल दिला.

सगळ्यात जास्त नुकसान होतं ते फोनवर विनवण्या करत बसल्याने. लेखी निवेदन द्या, मूळ दाखल्याची प्रत जोडा, आवक क्रमांकाचा शिक्का मारलेली पोच घ्या. अपात्रतेचं कारण लेखी मागा. देत नसतील तर दहा रुपये भरून माहिती अधिकाराचा अर्ज करा. तीस दिवसांत उत्तर देणं बंधनकारक आहे. आदेशात जे कारण लिहिलंय त्याच्यावरच तो तपासला जातो, नंतर सरकारला कोर्टातल्या प्रतिज्ञापत्रातून नवी कारणं जोडता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाच्या १९७७ च्या मोहिंदर सिंग गिल निकालापासून पक्कं आहे. मात्र तीस दिवस वाट बघताना नेमणुका होणार असतील, तर थांबू नका.

दारही चुकवू नका. गोवा सरकारच्या पदासाठी पर्वरीला उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठात रिट, म्हणजे सरकारी निर्णयाविरुद्धची थेट याचिका. केंद्राच्या बहुतेक पदांसाठी आधी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाचं मुंबई खंडपीठ, आणि तिथे साधारण एका वर्षाची मुदत. रिटला ठरलेली मुदत नाही, पण उगाच उशीर झाला तर कोर्ट दाद देत नाही.

याचिकेत दोन गोष्टी वकिलाकडून आठवणीने करून घ्या: निकाल लागेपर्यंत एक पद रिकामं ठेवण्याची अंतरिम मागणी, आणि ज्यांच्या निवडीला धक्का बसेल त्या उमेदवारांना प्रतिवादी करणं. फी परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या उमेदवारांना तिथे उत्पन्नाची अट नाही.