मैदानी चाचणीत अपात्र ठरल्यास दाद कोठे आणि कशी मागावी

पोलीस किंवा केंद्रीय दलांच्या भरतीत उंचीच्या मोजणीत थोडक्यात बाद झालेला उमेदवार सहसा घरी येतो, आठ-दहा दिवस हळहळतो आणि मग बेळगावात वकील शोधू लागतो. परंतु ज्या पुराव्यावर त्याचे प्रकरण उभे राहायचे, तो मैदानाच्या फाटकाबाहेर पडतानाच निम्मा हातचा गेलेला असतो. न्यायालय क्वचित फेरमोजणीचा आदेश देते, पण एरवी मोजणी नियमाप्रमाणे झाली की नाही, एवढेच पाहते.

म्हणून पहिली हरकत मैदानावरच आणि लेखी नोंदवावी. केंद्रीय दलांच्या कॉन्स्टेबल भरतीत उंची व छातीच्या मोजमापाविरुद्ध तेथेच उपस्थित असलेल्या अपील अधिकाऱ्याकडे दाद मागता येते; धावण्याच्या निकालाला मात्र ही सोय नाही. अर्जात चेस्ट नंबर (छातीवर लावलेला क्रमांक), वेळ आणि नोंदवलेला आकडा लिहावा. ‘माझ्यावर अन्याय झाला’ या वाक्याचा काही उपयोग नाही. ‘मोजपट्टी तिरकी होती व आकडा मला दाखवला नाही’, हे घडले असेल, तर नेमके तेच लिहावे आणि अर्जाची पोच घ्यावी.

आपल्या भागातील मुलांचे सर्वाधिक नुकसान होते ते कागदापायी. या केंद्रीय भरतीत पुरुषांसाठी 170 सेंटीमीटर उंची लागते, तर मराठा उमेदवारांना 165 पुरते. महिलांसाठी हेच आकडे 157 आणि 155 आहेत. खानापूर-निपाणीकडचा उमेदवार नाडकचेरीतला (स्थानिक महसूल कार्यालयातला) जातीचा दाखला घेऊन जातो, पण सवलतीचा दाखला जाहिरातीच्या परिशिष्टातील नमुन्यातच लागतो आणि तो तहसीलदार किंवा वरिष्ठ महसूल अधिकाऱ्याकडून आधीच घ्यावा लागतो. ही चूक न्यायालयात दुरुस्त होईल, अशी आशा मी कोणाला दाखवणार नाही. हीच सवलत राज्य पोलीस भरतीतही मिळेल, असे गृहीत धरू नये.

दार चुकले तर महिने वाया जातात. राज्य पोलीस शिपाई भरतीची तक्रार सरकारी नोकरीचे वाद ऐकणाऱ्या कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या बेळगाव पीठाकडे करावी. सर्वोच्च न्यायालयाच्या 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर अशा प्रकरणात आधी न्यायाधिकरण, मग उच्च न्यायालय, असा क्रम आहे. रेल्वेसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाचे बेंगळुरू पीठ आहे. सैन्य आणि केंद्रीय सशस्त्र दलांच्या भरतीसाठी उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात रिट याचिका (सरकारी निर्णयाविरुद्ध थेट उच्च न्यायालयात करायचा अर्ज) करावी लागते. हेस्कॉम या सरकारी वीज कंपनीच्या खांब चढण्याच्या चाचणीचा वादही तेथेच जातो. न्यायाधिकरणात अंतिम आदेशापासून एक वर्षाची मुदत असली, तरी नेमणुका झाल्यावर जाण्यात फारसा अर्थ उरत नाही.

निकषच चुकीचा वाटत असेल, तर चाचणीपूर्वी आव्हान द्यावे. भाग घेऊन नापास झाल्यावर प्रक्रियेला नावे ठेवता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने 1995 मध्ये मदनलाल प्रकरणात सांगितले. मात्र प्रक्रियाच बेकायदा असेल तर ही आडकाठी येत नाही, असे 2019 च्या मीता सहाय निकालात म्हटले आहे. नियम मुभा देत नसतील तर भरती सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष बदलता येत नाहीत, हे 2024 च्या तेज प्रकाश पाठक निकालाने पक्के केले. ‘त्या दिवशी ताप होता’ किंवा ‘पावसाने ट्रॅक चिखलाचा झाला होता’ एवढ्यावर दुसरी संधी मिळणे कठीणच. चिखलात काही गटांना पळवले आणि काहींना नंतर कोरड्या दिवशी बोलावले असेल, तर मात्र समान वागणुकीचा मुद्दा उभा राहतो.

पोलीस भरतीतील आपल्या मोजणीपत्रकाची प्रत माहिती अधिकारातून मागता येते. कर्नाटकात हा अर्ज एकाच विषयाचा आणि 150 शब्दांच्या आत असावा लागतो, शुल्क 10 रुपये आहे, आणि तो मराठीत नव्हे तर कन्नड, इंग्रजी किंवा हिंदीत द्यावा लागतो. उत्तराला 30 दिवस लागू शकतात आणि तोवर कॅमेऱ्यातील चित्रीकरण पुसले जाऊ शकते, म्हणून ते जपून ठेवण्याची विनंती करणारा वेगळा अर्ज त्याच आठवड्यात भरती समितीला देऊन शिक्क्यासह पोच घ्यावी.