ऑपरेशनच्या आधी नाकातले जंतू कसे काढायचे
बांबोळीला, म्हणजे गोवा मेडिकल कॉलेजच्या हॉस्पिटलात, गुडघ्याचं नाहीतर हार्टचं ऑपरेशन ठरलं असेल तर डॉक्टरांना आधीच विचारा, नाकाचा स्वॅब (नाकात कापसाची काडी फिरवून जंतूंची तपासणी) करायचा का. साधारण 30 टक्के लोकांच्या नाकात स्टॅफ ऑरियस नावाचा जंतू गुपचूप बसलेला असतो, त्रास काहीच नाही, पण तोच हाताला लागून जखमेत गेला की पू धरतो.

स्वॅब पॉझिटिव्ह आला तर बहुतेक वेळा 2 टक्के म्युपिरोसिनचं नाकाचं मलम देतात, दिवसातून 2 वेळा, 5 दिवस. आधी हात धुवा, नाक शिंकरा, मग काडेपेटीच्या काडीच्या गुलाएवढं मलम कॉटन बडवर घेऊन नाकपुडीत पुढेच आतल्या बाजूला लावा, खोल खुपसू नका, दुसऱ्या नाकपुडीला नवीन बड, आणि मग नाक चिमटीत धरून मिनिटभर हलकं चोळा म्हणजे सगळीकडे पसरतं. घशात थोडी कडू चव येते, येऊदे.

सोबत क्लोरहेक्सिडिन या जंतुनाशकाने आंघोळ सांगतात, ते डोळ्यांत-कानांत जाऊ देऊ नका. टॉवेल, उशीचा अभ्रा रोज बदला, पावसात आपल्याकडे टॉवेल दोन-दोन दिवस दमटच राहतो तेव्हा जास्तीचे काढून ठेवा. आणि फार्मसीतून मनानेच मलम आणून सारखं लावत बसू नका हां, जंतू त्याला दाद देईनासे होतात.