कमी पैशात हॉरर पिच्चर काढायचाय? मग खेळाचे नियम पक्के करा (खान्देश स्टाईल)

बजेट नसेल तर भूत दाखवायच्या भानगडीत पडूच नका राव, सगळा जोर खेळाच्या नियमांवर लावा. पोरं रात्री एक खेळ खेळतात, त्याचे दोन-तीन नियम असतात, त्यातला एक मोडतो, झालं, एवढाच पिच्चर. पण ते नियम बघणाऱ्याला पहिल्या दहा मिनिटांत तोंडपाठ झाले पाहिजेत, म्हणजे पुढं कोणी चुकायला लागलं की तो घरी बसून ओरडतो, अरे येड्या नको ना! पॅरानॉर्मल ॲक्टिव्हिटी दिग्दर्शकाने स्वतःच्याच घरात साधारण १५ हजार डॉलरमध्ये शूट केला, आणि त्यात काय दिसतं, दार हलतं, पांघरूण सरकतं, बास.

खेळ कोणता घ्यायचा? ओइजा बोर्ड नको, ते आत्म्यांशी बोलायचं, १८९१ साली अमेरिकेत पेटंट घेऊन दुकानात विकलेलं खेळणं, आपल्याकडं कोणाच्या घरात सापडणार? प्लँचेट चालेल, म्हणजे कागदावर अक्षरं लिहून मधल्या नाण्यावर बोटं ठेवायची आणि आत्मा बोलवायचा, होस्टेलवर निम्म्या लोकांनी केलेलं असतं. त्यात एक फुकटची ट्रिक आहे, नाणं आपल्याच बोटांनी नकळत ढकललं जातं, विल्यम कारपेंटर नावाच्या इंग्रज डॉक्टरने हे १८५२ मध्येच सांगून ठेवलंय, त्यामुळे ॲक्टरला 'तू ढकल' म्हणूच नका, सगळ्यांना बोटं हलकी ठेवायला सांगा आणि कॅमेरा चालू ठेवून गप बसा. नाणं सरकलं की चेहऱ्यावर जे येतं ते रिहर्सलने येत नाही.

पण मला विचाराल तर खेळ स्वतःचा बनवा. जुना वाडा, मधे पाट, पाटावर पाच कवड्या, शेजारी रॉकेलची चिमणी. ज्याच्या पाचही कवड्या पालथ्या पडल्या त्याने एकट्याने माजघरात जायचं आणि अंधारात स्वतःच्याच नावाने हाक मारायची, बाहेरच्यांनी ओ द्यायची नाही. रात्रीच्या हाकेला तिसऱ्यांदा आल्याशिवाय ओ देऊ नये हे आज्यांनी सांगितलेलंच असतं, म्हणून हा नियम समजावत बसावं लागत नाही. मग एकदा सगळे पाटाभोवती बसलेले असताना आतून हाक येऊ द्या. पहिली, दुसरी. आणि कोणीतरी सवयीने ओ देऊन टाकतो, तर आतून हळूच, 'मी आठेच शे', म्हणजे मी इथंच आहे. डायलॉग अहिराणीतच ठेवा बरं का, शहरी मराठी बोलणारं भूत आमच्याकडं कोणी सिरीयसली घेत नाही, खाली मराठी सबटायटल टाकून द्या.

आपली खान्देशची देवी कानबाई, भगत, खऱ्या पूजा यांना हात लावू नका, लोकांची श्रद्धा आहे आणि गोष्टीला त्याची गरजही नाही. राज्यात २०१३ पासून जादूटोणाविरोधी कायदा आहे, पिच्चर काढायला कोणी अडवत नाही, पण पोस्टरवर 'खरा विधी, करून बघा' असला शहाणपणा नको.

शूटिंगला मोबाईल पुरतो. मॅन्युअल मोडमध्ये सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा, आपली वीज ५० हर्ट्झची आहे, नाहीतर ट्यूबलाईट फ्लिकर मारते. चिमणीच्या एकट्या उजेडात फोन दाणे दाणे दाखवतो, म्हणून तिच्या मागं पिवळा एलईडी लपवा. बाहेरची रात्र खऱ्या रात्री काढू नका, सूर्य बुडाल्यावरच्या वीसेक मिनिटांत एक्सपोजर खाली ओढून काढा. चालता कॅमेरा, म्हणजे ट्रॉली पाहिजे तर कमी पैशात पिच्चर काढणाऱ्या मालेगाववाल्यांकडून शिका, सायकलवर कॅमेरामन बसवायचा आणि मागून ढकलायचं.

आवाजावर मात्र कंजूषी नको, अर्धी भीती तिथंच आहे. जळगाव जिल्ह्यात रावेर-यावलकडं केळीच्या बागेत रात्री उभं राहून बघा, वारा आला की फाटकी पानं एकमेकांवर अशी घासतात की बाजूच्या ओळीतून कोणी चाललंय असंच वाटतं. हा आवाज दुसऱ्या फोनवर वेगळा रेकॉर्ड करून घ्या, प्रत्येक खोलीतली नुसती शांतताही तीस सेकंद घ्या, एडिटिंगला लागते. आणि मोटर! शेतीची लाईट रात्रीच्या पाळीला येते, ऑटोवर टाकलेली मोटर विहिरीवर आपोआप घुरघुरायला लागते आणि पाईपातून पाणी भसकन बाहेर येतं, आसपास माणूस नाही. असा सीन कुठल्या व्हीएफएक्सवाल्याला पैसे देऊन मिळणार नाही, टेकच्या मधे मोटर चालू झाली तर कट म्हणू नका.

बागेत बूट घालून जा, सापाचा काही नेम नाही, आणि चिमणी वाळलेल्या पानांपासून लांब ठेवा. बागवाल्याची परवानगी घ्याच, वर पोलीस पाटलालाही आधी फोन करा, कारण रात्री केळीत बॅटऱ्या हलताना दिसल्या की गाव भूत-बित समजत नाही, मोटरची केबल चोरणारे समजतं आणि काठ्या घेऊन येतं.