इलेक्ट्रिशियनचं लायसन्स अमेरिकेतल्या दुसऱ्या राज्यात नेताय? या चुका टाळा

अमेरिकेत इलेक्ट्रिशियनचं देशभर चालणारं लायसन्स नाही. बहुतेक राज्यांचं लायसन्स देणारं मंडळ वेगळं आणि नियमही वेगळे. दोन राज्यांत रेसिप्रॉसिटीचा करार असेल तर एका राज्याची परीक्षा दुसरं राज्य मान्य करतं, एवढीच काय ती सवलत. अर्ज, फी, कागदपत्रं सगळं नव्याने करावं लागतं, आणि नवं लायसन्स हातात येईपर्यंत तिथे लायसन्सधारक म्हणून कामाला हात लावता येत नाही. बरेच जण आधी घर बदलतात, नोकरी धरतात आणि मग मंडळाची वेबसाइट उघडतात. क्रम उलटा करा.

मूळ लायसन्स संपू देणे

सगळ्यात महाग पडणारी चूक हीच, आणि ती कळते फार उशिरा. समजा तुम्ही वायोमिंगमध्ये परीक्षा देऊन जर्नीमन (शिकाऊपण संपवून लायसन्स मिळवलेला इलेक्ट्रिशियन) झालात. पुढे करारावर टेक्ससचं लायसन्स घेतलंत आणि तिथेच रमलात. वायोमिंगचं नूतनीकरण कशाला करायचं, उगाच फी, म्हणून सोडून दिलंत. काही वर्षांनी आयडाहोला जायची वेळ आली. अर्जात प्रश्न येतो: हे लायसन्स परीक्षा देऊन मिळवलं की रेसिप्रॉसिटीने? टेक्ससचं रेसिप्रॉसिटीचं, म्हणून निरुपयोगी; वायोमिंगचं परीक्षेचं, पण मुदत संपलेलं. दोन राज्यांत वर्षानुवर्षं काम करूनही तुम्ही पुन्हा परीक्षेच्या रांगेत.

करार टिकतो तो परीक्षा देऊन मिळवलेल्या लायसन्सवर, आणि बहुतेक ठिकाणी ते किमान वर्षभर हातात असावं लागतं. म्हणून ते पहिलं लायसन्स जिवंत ठेवा. नूतनीकरणाची फी आणि कंटिन्युइंग एज्युकेशनचे (नूतनीकरणासाठी लागणाऱ्या वर्गांचे) तास भरत राहा, त्या राज्यात पुन्हा पाऊल ठेवायचं नसलं तरी.

‘परीक्षाच देऊन टाकू’ ही घाई

करार आहे की नाही हे न पाहता काही जण नव्या राज्यात थेट परीक्षेला बसतात. नापास झाले की मग रेसिप्रॉसिटी आठवते. काही राज्यांत, त्यांच्याच परीक्षेत नापास झालेल्याला हा रस्ता बंद असतो. आधी करार तपासा, परीक्षेचा विचार नंतर.

जर्नीमनची यादी पाहून मास्टरचा अर्ज

करार राज्या-राज्यांत असतो तसा दर्ज्यानुसारही असतो. जर्नीमनच्या वरचा दर्जा मास्टरचा; स्वतःच्या धंद्याच्या नावावर कामं घेणारा तो काँट्रॅक्टर. टेक्सस जर्नीमनसाठी ओक्लाहोमा, अर्कान्सा, न्यू मेक्सिको, वायोमिंग, आयडाहो अशा बऱ्याच राज्यांची लायसन्स मान्य करतं. मास्टरची यादी मात्र अगदी आखूड आहे. काँट्रॅक्टरचं प्रकरण त्याहून निराळं. कॅलिफोर्निया काही मोजक्या राज्यांतल्या काँट्रॅक्टरांना ट्रेडची, म्हणजे प्रत्यक्ष इलेक्ट्रिकल कामाची, परीक्षा माफ करतं, पण कायदा आणि व्यवसायाचा पेपर द्यावाच लागतो. न्यू जर्सीत तर इलेक्ट्रिकल काँट्रॅक्टरसाठी कुठल्याच राज्याशी करार नाही. तिथल्या एडिसनला जाऊन धंदा टाकायचं स्वप्न असेल तर हे आधीच माहीत असलेलं बरं. इलिनॉय आणि पेनसिल्व्हेनियात राज्याचं जर्नीमन लायसन्सच नाही, तिथे शहराच्या किंवा गावाच्या कचेरीत चौकशी करावी लागते.

कागदांत अडकलेले अर्ज

लायसन्सच्या कार्डाची झेरॉक्स पुरत नाही. जुन्या राज्याच्या मंडळाने नव्या मंडळाकडे पाठवलेला दाखला लागतो: लायसन्स चालू आहे, परीक्षा देऊन मिळालंय, कारवाई प्रलंबित नाही. तो मागवायलाच वेळ जातो, म्हणून अर्जाच्या आधी मागवा. जर्नीमनसाठी बहुधा ८,००० तासांचा अनुभव धरतात. त्याच्या फॉर्मवर ज्या मास्टरची सही हवी तो निवृत्त झाला किंवा दुकान बंद झालं की पंचाईत होते. नोकरी सोडतानाच सही घेऊन ठेवा.

आपल्या लोकांची एक खास अडचण नावाची. पासपोर्टवर वडिलांचं नाव मधलं नाव म्हणून, लायसन्सवर फक्त आद्याक्षर, लग्नानंतर आडनाव बदललेलं. मंडळाचा कारकून ही तीन नावं तीन माणसांची समजतो. नावबदलाचा पुरावा अर्जासोबतच जोडा.

आणि महाराष्ट्रातला तारतंत्री (वायरमनचा) परवाना? रेसिप्रॉसिटी अमेरिकेतल्या राज्यांपुरती आहे, तो त्यात बसत नाही. भारतातला अनुभव तासांत धरायचा की नाही, हे ज्या त्या मंडळाला लेखी विचारा.

अर्ज परत आला तर

नुसतं चिडून दुसरा अर्ज भरू नका, फी बहुतेकदा परत मिळत नाही. पत्रातलं कारण वाचा. दाखला पोचला नसेल तर जुन्या मंडळाकडे पाठपुरावा करा. मुदत संपल्याचं कारण असेल तर मूळ राज्यात उशिराच्या दंडासह नूतनीकरण होतंय का ते पाहा. बऱ्याच ठिकाणी ठरावीक काळापर्यंत होतं. काहीच जमत नसेल तर परीक्षा. पण पुस्तक विकत घेण्याआधी त्या राज्यात नॅशनल इलेक्ट्रिकल कोडची (वायरिंगच्या नियमांचं पुस्तक) कुठली आवृत्ती लागू आहे ते बघा. कोड दर तीन वर्षांनी बदलतो, राज्यं मात्र आपापल्या सवडीने तो स्वीकारतात. एक राज्य नव्या आवृत्तीवर तर शेजारचं जुन्या, असं दिसतं. २०२० च्या आवृत्तीत घरांच्या सर्व्हिसला (वीजपुरवठ्याच्या मुख्य जोडणीला) सर्ज प्रोटेक्शन, म्हणजे अचानक वाढलेल्या व्होल्टेजपासून बचाव, आणि बाहेरच्या बाजूला इमर्जन्सी डिस्कनेक्ट, म्हणजे आणीबाणीत वीज तोडायचा स्विच, सक्तीचं झालं. जुनं पुस्तक घेऊन बसलेल्याला हे त्यात सापडणारच नाही.