इतिहासविषयक माहितीपटाचा छायालेखक व्हायचे असेल तर

सावेदादा ऊर्फ हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्ती चित्रित केली, तेव्हा आपल्याकडे कथापटाचा जन्मही झाला नव्हता. प्रत्यक्ष घडणारे टिपण्याची ही परंपरा ज्याला पुढे न्यायची आहे, त्याने कॅमेरा विकत घेण्याआधी प्रकाश ओळखायला शिकावे.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये पदवीधरांसाठी छायालेखनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे. तेथे प्रवेश मिळाला नाही, तर अनुभवी छायालेखकाचा सहायक व्हावे. लेन्स हाताळणे, फोकस सांभाळणे आणि दिवसाअखेरीस फुटेजच्या दोन प्रती काढून त्या तपासणे ही कामे तिथेच अंगवळणी पडतात.

ऐतिहासिक विषयात स्थळाची आधी पाहणी केल्याशिवाय चित्रीकरण ठरवू नये. सह्याद्रीतील किल्ल्यांचा काळा पाषाण दुपारच्या उन्हात सपाट दिसतो, परंतु सकाळी तिरपे ऊन भिंतीवर घासून जाऊ लागले की छिन्नीचा घावन् घाव उठून दिसतो. म्हणून कोणती भिंत किती वाजता उजळते, याची नोंद वहीत करावी. संरक्षित स्मारकासाठी पुरातत्त्व खात्याची परवानगी आधीच मागावी. घरात किंवा दप्तरखान्यात ट्यूबलाइटखाली काम करताना, आपल्याकडील वीज ५० हर्ट्झची असल्याने, सेकंदाला २५ फ्रेम (चित्रे) आणि १/५० सेकंदाचे शटर ठेवावे, म्हणजे चित्र लुकलुकत नाही. जुन्या छायाचित्राची नक्कल करताना दोन्ही बाजूंनी ४५ अंशांतून सारखा प्रकाश द्यावा आणि कागदावर चकाकी आलीच, तर पोलरायझर, म्हणजे चकाकी रोखणारा फिल्टर, लेन्सवर लावावा.

माझा खरा आग्रह मात्र वेगळा आहे. नाट्यरूपाने उभा केलेला प्रसंग जुन्या फिल्मसारखा ओरखडे पाडून, रंग उडवून कधीही दाखवू नये, कारण पन्नास वर्षांनी तेच चित्र कोणीतरी पुरावा म्हणून पुढे करील. अशा प्रसंगांसाठी वेगळी लेन्स, वेगळी प्रकाशरचना निवडावी, आणि प्रत्येक शॉटच्या नोंदीत तारीख, ठिकाण व तो प्रत्यक्ष की नाट्यरूप, हे लिहावे. संकलकाला हाती आलेल्या चित्रावरून हा भेद नेहमीच कळतो असे नाही.

मानधनाच्या करारात न वापरलेले फुटेज कोणाच्या मालकीचे आणि ते कोठे जतन होणार, हेही पहिल्याच बैठकीत लिहून घ्यावे.