चुंबकाला चिकटलेली काळी रेती सोडवायची कटकट

मुलांच्या शाळेच्या प्रकल्पासाठी मातीतून काळे चुंबकी कण काढायचे, तर चुंबक थेट मातीत खुपसू नका. कणांची दाढी उगवते आणि ती काही केल्या निघत नाही. (मी एकदा जुन्या टूथब्रशने अर्धा तास घासत बसलो होतो.)

१. माती उन्हात खडखडीत वाळवा. ओली असेल तर सगळाच चिखल चिकटतो.
२. चुंबक पातळ प्लास्टिकच्या पिशवीत घालून तोंड पिळून धरा. जुन्या स्पीकरमधला चुंबकही चालतो.
३. माती कागदावर पातळ पसरून पिशवी वरून हळूहळू फिरवा.
४. पिशवी वाटीवर धरून आतला चुंबक वर ओढून घ्या. कण आपोआप खाली पडतात.

पावसानंतर रस्त्याकडेला ओघळाने साचलेली बारीक रेती यासाठी उत्तम. आपल्याकडच्या काळ्या कातळात मॅग्नेटाइट (चुंबकाला चिकटणारं लोखंडाचं खनिज) असतं, त्यामुळे चमचाभर कण सहज मिळतात. चुंबकाला आधीच कण चिकटले असतील, तर सेलोटेप दाबून उचला.

बटणाएवढे ताकदवान चुंबक मात्र लहान मुलांच्या हाती देऊ नका. दोन गिळले गेले तर पोटात आतड्यासकट एकमेकांना चिकटतात.